आकडे मोजणारा बिशप

रोम, १४ ऑक्टोबर १९७२

प्रिय गेशे,

अभिनंदन कर. तुझा भाऊ बिशप झाला. अकरा दिवसांचाच, पण अंगठीसकट.

दिग्दर्शकाचं नाव तिबेरी. याच्या आधीच्या दोन सिनेमांवर बंदी आली, म्हणून तो फार मोठा माणूस समजला जातो. गोष्ट अशी की गावात दुष्काळ पडलाय आणि बिशप जेवतोय. पहिल्या मिनिटापासून शेवटपर्यंत जेवतोय. आजूबाजूला नन नाचतात, त्यांच्या अंगावर काय असतं ते विचारू नकोस. जेवता जेवता मी सात मिनिटांचं प्रवचन देतो आणि शेवटी माझेच कुत्रे मला खातात. कुत्रे स्वभावाने गरीब आहेत. त्यांना मला खावंसं वाटावं म्हणून माझ्या बाहीला कलेजी चोळावी लागली.

तुला हसू येईल अशी गोष्ट सांगतो. इथे सिनेमा मुका काढतात आणि आवाज मागाहून चिकटवतात. त्यामुळे सेटवर ज्याला जी भाषा येते तीत तो बोलतो. माझ्या डावीकडची बाई फ्रेंच बोलत होती, उजवीकडचा मठाधिपती इटालियनमध्ये कालच्या फुटबॉलबद्दल बोलत होता. माझं प्रवचन तर लिहूनच झालं नव्हतं. तिबेरी म्हणाला, "लुडो, तू आपले आकडे मोज. फक्त रागाने मोज." मी एक ते चारशे बारापर्यंत जर्मनमध्ये मोजले. रागाने. लोकांनी टाळ्या वाजवल्या.

हॅम्बुर्गच्या नाटकमंडळीत माझ्या आवाजाला ओली काडेपेटी म्हणायचे, आठवतं? तिसऱ्या रांगेपलीकडे पोचायचा नाही. इथे आवाजाचं कुणाला काही पडलेलंच नाही. तिबेरीला फक्त माझं तोंड हवंय. म्हणतो, एवढे स्पष्ट ओठ त्याने कुणाचे पाहिले नाहीत. त्याला काय ठाऊक, की ज्या घरातली आई चौथ्या वर्षी लाल तापाने बहिरी झाली आणि ओठ वाचायला शिकली, त्या घरात पुटपुटणाऱ्याला दुसऱ्यांदा बटाटे मिळत नसत!

घरमालकीण सिन्योरा अस्सुंता रोज विचारते, "बिशपसाहेब, आज काय पाप केलंत?" मी सुखात आहे. ओनोला सांग, त्याच्या सफरचंदांची आठवण येते. इथली नुसती दिसायला चांगली.

आई कशी आहे?

तुझा,
ल्यूडर


नॉयएनडाइख, ५ नोव्हेंबर १९७२

प्रिय ल्यूडर,

बिशप झालास, आता निदान हातमोजे तरी घालत जा.

सफरचंदं उतरवून झाली. यंदा इतकी आली की ओनोची पाठ गेली आणि नवरोबा आठ दिवस सोफ्यावर पडून मला शेती शिकवत होते. तुझ्यासाठी एक पेटी बाजूला ठेवली आहे. दरवर्षी ठेवते, आणि दरवर्षी इस्टरला त्यांचा मुरंबा करते.

आई बरी आहे. चष्मा नवा केला. चौऱ्याहत्तर वर्षांची बाई, पण सुईत दोरा माझ्याआधी ओवते. चर्चच्या वेदीवरचं नवं कापड तीच भरतेय. तुझं पत्र मी रविवारी जेवणाच्या टेबलावर काढलं, तिच्यासमोर बसले आणि सावकाश म्हटलं, "ल्यूडरचं पत्र आलंय." तिने डोळे मिटले. झालं. तुला माहीतच आहे. आपल्याला नको ते ऐकावं लागतं, तिला नाही. पापण्या लावल्या की दार बंद. मी पत्र खिशात घातल्यावर तिने डोळे उघडले आणि लाल कोबीत लवंग जास्त झाल्याचं सांगितलं.

सात वर्षं झाली त्या फोटोला. मला वाटलं होतं, एखाद वर्षात निवळेल. दाताच्या डॉक्टरकडे बसलं असताना समोरच्या साप्ताहिकात आपला मुलगा डाव्या चौकटीत पुढून ननच्या वेषात आणि उजव्या चौकटीत मागून काहीच नाही, असा दिसला तर कुठलीही आई चिडेल. पण सात वर्षं? तू तेव्हा समजावायला आलास, खिडकीशी तिच्यासमोर बसलास, आणि ती दुपारी तीनपासून दिवे लागेपर्यंत डोळे मिटून बसली. मी दारातून पाहत होते. मला त्या दिवशी तुम्हा दोघांचाही राग आला होता.

नवे पाद्री क्लासेन आल्यापासून एक बरं आहे. पोस्टरवरचा लुडो फाल्क म्हणजे आमच्या घरातला ल्यूडर हार्म्सेन, हे त्यांना माहीत नाही. जुनी माणसं बोलत नाहीत. माझ्या देखत तरी.

खात जा नीट.

गेशे


म्युनिक, २ एप्रिल १९७३

प्रिय गेशे,

दोन ओळीच लिहितो, कारण मी मेलोय. सकाळपासून नदीकाठी चिखलात पडून आहे आणि माझा खून कुणी केला याची चौकशी चाललीय. प्रेताच्या कामात आता माझा हात धरणारा कुणी नाही. श्वास तर कुणीही रोखतो, पण पापणी हलू न देणं अवघड. ते आईकडून आलंय.

बिशपची बातमी अशी की इटलीत कोर्टाने सिनेमा नऊ दिवस जप्त केला. जप्तीसारखी दुसरी जाहिरात नाही. दहाव्या दिवशी लोक रांगा लावून उभे. एका वर्तमानपत्राने लिहिलं, "बिशपच्या भूमिकेतील जर्मन नटाच्या ओठांवर सैतान बसला आहे." मी ते कापून आरशाला लावलं. आवाज दुसऱ्याच कुणाचा आहे. तो माणूस एरवी सर्कशीत वाघांचा परिचय करून देतो.

आता जर्मनीत येणार म्हणतात. येऊ दे.

ल्यूडर


नॉयएनडाइख, ९ सप्टेंबर १९७३

ल्यूडर,

येऊ दे म्हणतोस? आला! कापिटोल थिएटरच्या दारावर पोस्टर लागलंय. हातात कोंबडीची तंगडी घेतलेला तू, एवढा मोठा, बेकरीच्या अगदी समोर. टोपी, झगा आणि रंग यांमुळे तुझी आई ओळखणार नाही असं मी म्हटलं असतं, पण आपली आई बटणावरून कोट ओळखते. चार दिवस झाले, पाव आणायला मीच जातेय.

पाद्रीबुवांनी रविवारी तासभर त्यावर प्रवचन दिलं. ओनो मागे बसून म्हणाला, "बिशप कॅथलिकांचा, आपण प्रोटेस्टंट, आपलं काय जातं?" क्लासेनबाईंनी वळून सांगितलं, "बिशप त्यांचा असला तरी नागवेपणा सगळ्यांचाच असतो." आता महिला मंडळ पहिल्या दिवशी फलक घेऊन दारात उभं राहणार आहे. मंडळात आई आहे. वेदीच्या कापडाबरोबर फलकांच्या कडाही तीच शिवतेय, आणि आत कोण आहे ते तिला माहीत नाही.

मला उलट टपाली कळव: सिनेमात तुझ्या अंगावर कपडे आहेत का? असतील तर कुठपर्यंत?

गेशे


रोम, १५ सप्टेंबर १९७३

प्रिय गेशे,

हनुवटीपासून टाचांपर्यंत. अकरा किलो. आतून लोकरीची बंडी होती, तीही आईनेच विणलेली, तपकिरी. तेवढी कॅमेऱ्याला दिसली नाही.

आईला तिकडे जाऊ द्यायचं की नाही ते तू ठरव. मी म्हणणार नाही की ने, आणि नेऊ नको असंही म्हणणार नाही. कापिटोलचा पडदा नवा केला असं ओनोने लिहिलं होतं, खरं का? आईला लांबचं नीट दिसतं ना नव्या चष्म्याने? सहज विचारतो. तिसऱ्या रांगेतून सगळ्यात चांगलं दिसतं, फार पुढे बसलं की मान दुखते.

मी सध्या एका लष्करी छावणीच्या सिनेमात कर्नल आहे. वेडा, अर्थातच. झुपकेदार मिशी वाढवलीय, खरी. सिन्योरा अस्सुंता म्हणते, बिशप बरा होता.

ल्यूडर


नॉयएनडाइख, १० ऑक्टोबर १९७३

प्रिय ल्यूडर,

बस. चहा घे. मग वाच.

शुक्रवारी चार वाजता आम्ही अठरा बायका कापिटोलच्या दारात उभ्या होतो. मीही होते, कारण नसते तर संशय आला असता. आईने पोस्टर पाहिलं. बराच वेळ पाहिलं. मग फलक दुसऱ्या हातात घेतला, बस इतकंच. मला वाटलं, वाचलो.

तेवढ्यात थिएटरचा मालक बाहेर आला आणि म्हणाला, "बायांनो, तुमच्यापैकी कुणी पाहिलाय का सिनेमा?" आमच्यासोबत आलेल्या पाद्रीबुवांचं तोंड पडलं. न पाहता निषेध कसा करायचा, आणि पाहायचा तर पाहायचा कुणी? मग क्लासेनबाईंना सुचलं. त्यांना वाटलं, आपण फारच हुशार आहोत. म्हणाल्या, "फ्राउ हार्म्सेनना पाठवू. त्यांना ऐकू येत नाही, म्हणजे त्या देवनिंदेचा एक शब्दही त्यांना बाधणार नाही. त्या फक्त बघतील आणि बाहेर येऊन सांगतील." पाद्रीबुवांना पटलं. आईसमोर उभं राहून त्यांनी तोंड वेडंवाकडं करत ते समजावलं. आईने मान हलवली, फलक माझ्या हातात दिला आणि आत गेली. मी काय करणार होते? आरडाओरडा?

दोन तासांनी बाहेर आली. अठरा जणी भोवती गोळा. "काय पाहिलंत?" आई म्हणाली, "बिशप तोंडात घास असताना बोलत नाही. वळण चांगलं आहे." एवढं बोलून तिने माझ्या हातातून पर्स घेतली, खिडकीशी गेली आणि सहाच्या खेळाचं तिकीट काढलं.

शनिवारी पुन्हा. रविवारी प्रार्थना झाल्या झाल्या पुन्हा, चर्चच्याच कपड्यांत. कायम तिसऱ्या रांगेत! आता बायकांना राहवेना. आधी बेकरीवालीने जाऊन पाहिलं, मग शिक्षिकाबाई, मग "आम्ही नुसतं फ्राउ हार्म्सेनना सांभाळायला" म्हणून एकदम नऊ जणी. सोमवारी फलक धरायला क्लासेनबाई एकट्या. मालकाने माझ्यामार्फत आईला केक पाठवला.

मीही गेले तिच्याबरोबर, शनिवारी. खरं सांगू? मला तू आवडलास. जर्मन आवाज कुणाचा लावलाय रे? गुहेतून आल्यासारखा. तो काय ते पाप आणि नरक आणि उपाशी गावाला शिव्या, माझ्या अंगावर काटा आला. वळून आईकडे पाहिलं तर ती रडत होती. रुमाल तोंडाला लावून, पण डोळे सताड उघडे.

मी घाबरले. घरी आल्यावर विचारलं, "आई, फार वाईट वाटलं का?" तिने डोळे मिटले. तेव्हापासून गप्प आहे, सिनेमाची वेळ सोडली तर वरच्या खोलीत बसून असते. वय झालंय, ल्यूडर. डोक्यावर परिणाम तर नसेल? डॉक्टरांना बोलावू का? चार वेळा कुणी तो सिनेमा पाहतं का, शहाणं माणूस?

लगेच लिही.

गेशे


रोम, १४ ऑक्टोबर १९७३

प्रिय गेशे,

डॉक्टर नको. आई शहाणीच आहे, वेडे आपण.

मी तुला खोटं लिहिलं होतं. मी आकडे मोजले, पण पहिल्या खेपेला, चाळीसपर्यंतच. तिबेरी खुर्चीवर उभा राहून ओरडला, "हा बिशप बटाटे मोजतोय! अरे, कुणाशी तरी बोल! ज्याच्याशी बोलायचं राहून गेलंय अशा कुणाशी तरी बोल!" मग कॅमेरा इतका जवळ आणला की त्याच्या काचेत मला माझं तोंडच दिसत होतं. मला वाटलं, आता ही काच डोळे मिटू शकत नाही. आणि मी आईशी बोललो, सात मिनिटं. समोर बसून बोलतो तसं, ओठ नीट हलवत. कानवाल्यांना दुसऱ्याच कुणाचा आवाज ऐकू आला. ओठ माझे होते.

हा सिनेमा नॉयएनडाइखला येईल, आला तरी आई पाहील, असं मला वाटलं नव्हतं. म्हणजे वाटलं होतं. म्हणून तर पडद्याची चौकशी केली.

काय बोललो ते तुला कळायला हवं. आधी त्या फोटोचं. मागचा भाग माझा नव्हता. तो सेटच्या गल्लीतल्या खाटकाचा होता, मला थंडी वाजत होती म्हणून त्याला उभं केलं. पण भांडण त्याचं नव्हतंच, गेशे. गावाने फोटो पाहिला, तूही फोटोच पाहिलास. खाली बारीक अक्षरांत चार ओळी होत्या. त्या बातमीदाराने मला विचारलं होतं, हे असले सिनेमे पाहून तुमच्या आईला काय वाटतं? मी म्हणालो, आई मी लहान असताना गेली. का म्हणालो? समजावत बसायचा कंटाळा आला. बहिरी आई, शिवणकाम, चर्च, तो पुढे अजून विचारत बसला असता, आणि मला जेवायला जायचं होतं. जिवंत आईला मी जेवणाच्या घाईत मारलं. ती शब्दांच्या बाबतीत किती चोख आहे तुला माहीत आहे. ती सगळं पान वाचते.

त्या दिवशी खिडकीशी मला हेच सांगायचं होतं आणि तिने डोळे मिटले.

म्हणून बिशपच्या तोंडून सांगितलं. की आई, तू आहेस. मी खोटं बोललो आणि भ्यालो. तपकिरी बंडी आत घातलीय. प्रेताचं काम करताना पापणी हलत नाही, तेव्हा तू आठवतेस. ओनोच्या झाडांना फळं आली असतील. असं बरंच काहीबाही. शेवटी तिबेरीने खूण केली की आता कुत्र्यांकडे वळ. मी बोलतच होतो, वळलो, शेवटचं वाक्य पाठमोराच बोललो. ते काय होतं ते इथे लिहीत नाही. ते पत्रातून सांगण्यासारखं नाही.

हे पत्र तिला दाखव. डोळे मिटले तर मिटले.

ल्यूडर


नॉयएनडाइख, १९ ऑक्टोबर १९७३

ल्यूडर,

गेशेने तुझं पत्र आणून दिलं. मी ते तिला परत केलं. वाचायची गरज नाही, चार वेळा ऐकलं आहे. पहिल्या वेळी अर्धं सुटलं कारण पुढे एक उंच माणूस बसला होता. दुसऱ्या वेळी बरंचसं कळलं. तिसऱ्या वेळी गेशे सारखी माझ्याकडेच बघत होती. चौथ्या वेळी सगळं.

आता उत्तरं देते, क्रमाने.

खाटकाचं मला पहिल्या दिवसापासून माहीत होतं. सहा वर्षं मी तुला अंघोळ घातली आहे.

त्या चार ओळींचं. दाताच्या डॉक्टरकडे मी माझ्या मरणाची बातमी वाचली. मग आत जाऊन दाढ काढून घेतली. दाढेने दुखलं नाही. तू समजावायला आलास तेव्हा मला भीती वाटली की तू काहीतरी गोड कारण सांगशील आणि मला ते खरं वाटेल. तू लहानपणापासून छान बोलतोस. म्हणून डोळे मिटले. एकदा मिटले की उघडणं अवघड जातं, हे मला ठाऊक नव्हतं. त्यातली काही वर्षं माझी चूक आहे. किती ते तू विचारू नकोस.

बिशपने कारण दिलं नाही. भ्यालो म्हणाला. ते मला पटलं.

बंडी कोपराशी विरली असेल. नवी विणली आहे, निळी. माप जुनंच धरलं होतं, पण पडद्यावर पाहिलं तर तू जाड झाला आहेस, म्हणून उसवून पुन्हा केली. वर बसून तेच करत होते. गेशेने उगाच डॉक्टरांचं काढलं.

फळं चांगली आली. पेटी तळघरात आहे. या वर्षी मी तिला मुरंबा करू देणार नाही.

पाद्रीबुवांना मी सांगितलं की तो बिशप माझा मुलगा आहे. ते बराच वेळ तोंड उघडं ठेवून उभे होते, पण ओठ हलत नव्हते, त्यामुळे काय म्हणाले ते कळलं नाही. क्लासेनबाईंनी मात्र विचारलं की कुत्रे खरोखर चावले का.

आता शेवटच्या वाक्याचं. तू कुत्र्यांकडे वळलास आणि बोलतच होतास, ते मला तुझ्या खांद्यांवरून कळलं. काय बोललास ते चारही वेळा दिसलं नाही. मी गेशेला विचारलं की बिशप तिथे काय म्हणतो. ती म्हणाली, "आणखी वाईन आणा." ते तुझं वाक्य नाही.

तेव्हा ये आणि सांग. दुपारी तीन वाजता खिडकीशी उजेड चांगला असतो. तू उजेडाकडे तोंड करून बस. मी डोळे उघडे ठेवीन.

गेशे म्हणते तू कर्नलसाठी मिशी वाढवली आहेस. ती काढून ये. मला तुझे ओठ दिसले पाहिजेत.

आई